एशिया प्लॅटो, पाचगणी
एशिया प्लॅटो : सातारा जिल्ह्यातील पाचगणी येथील संवाद व प्रशिक्षण केंद्र. मॉरल री-आर्मामेंट या चळवळीने राजमोहन गांधी यांच्या पुढाकाराने ते उभारले. 1968 मध्ये ते सुरू झाले. 2001 पासून चळवळीचे नाव ‘इनिशिएटिव्हज ऑफ चेंज’ असे आहे.

येथे कामगार आणि व्यवस्थापन यांच्या वादांवर निवाडा दिला जात नाही, आणि हेच केंद्राचे खरे बळ. कामगार, युनियनचे पदाधिकारी आणि व्यवस्थापक निवासी शिबिरांत एकत्र राहतात. समोरच्याचे दोष मोजण्याआधी प्रत्येकाने स्वतःकडे पाहावे, अशी अपेक्षा असते. कायद्याची वाट वेगळी आहे. 2025 पर्यंत लागू असलेल्या 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यातील समेट अधिकारी तडजोड घडवू पाहत असे, निर्णय लादत नसे; पक्षांनी लेखी कराराने नेमलेला लवाद मात्र निवाडा देत असे. राजमोहन यांचे आजोबा महात्मा गांधी यांनी चालवलेला 1918 चा अहमदाबाद गिरणी संप लवादावरच मिटला. लवाद आनंदशंकर ध्रुव यांनी 35 टक्के वेतनवाढ दिली.

शिबिरातील समजुतीला कायद्याचे बंधन नसते. वेतन, बोनस वा बडतर्फीबाबत ठरलेले युनियन आणि व्यवस्थापनाने रीतसर करारात उतरवले, तरच ते बंधनकारक होते.