शब्दवेध : नवाब

‘नवाब’ म्हटले की डोळ्यांपुढे येतो तो थाट, हवेली, अत्तर. आणि ‘नायब तहसीलदार’ म्हटले की तालुक्याची कचेरी. पण हे दोन्ही शब्द एकाच घरातले आहेत. अरबीत ‘नाइब’ म्हणजे दुसऱ्याच्या जागी काम पाहणारा, प्रतिनिधी. त्याचे अनेकवचन ‘नुव्वाब’. फारसी-उर्दूतून येताना ते एकाच व्यक्तीसाठी आदराने वापरले गेले आणि ‘नवाब’ झाले. आपण वडिलांना ‘ते’ म्हणतो, तसेच हे आदरार्थी बहुवचन.

मुघल काळात नवाब हा बादशहाचा सुभेदार होता. बादशाही खिळखिळी झाली, तसे हे प्रतिनिधी स्वतःच राजे बनले. पण इंग्रजांनी त्यांना पुन्हा मूळ अर्थाकडे ढकलले.

आपल्या कोकणातले सिद्दी नवाबांचे जंजिरा संस्थानच पाहा. शिवाजी आणि संभाजी महाराजांनाही सिद्दींचा तिथला जलदुर्ग जिंकता आला नाही. त्याच संस्थानाची टांकसाळ इंग्रजांनी 1834 मध्ये एका हुकमाने बंद केली. 1868 च्या सुमारास फौजदारी कारभारही नवाबाच्या हातून काढून आपल्या प्रतिनिधीकडे, पोलिटिकल एजंटाकडे दिला. नवाबाला उरला 11 तोफांच्या सलामीचा मान. सिद्दींच्याच सुरतेजवळच्या सचीन संस्थानाला 9 तोफा.

1948 मध्ये दोन्ही संस्थाने मुंबई प्रांतात विलीन झाली. नवाब गेले, नायब मात्र आजही तहसील कचेरीत रोज सही करतो.