फेर, हरकत आणि साकीन

जमिनीला संस्कृताने अचला म्हटले, कायद्याने स्थावर. पण तिचा धनी बदलला की तलाठ्याच्या दप्तरात जे शब्द जमतात ते बहुतेक सगळे हलते-फिरते.

‘फेरफार’च घ्या. ‘फेर’ फिरण्याच्या कुळातला, हे उघड आहे. मागचा ‘फार’ मात्र ‘पुष्कळ’ या अर्थाचा नव्हे. ठीकठाक, भीडभाड, धूमधाम यांत पहिल्या पदात ई, ए किंवा ऊ आणि दुसऱ्यात आ असा जो पडसाद उमटतो, तोच इथेही असावा. ‘फिर’चे मूळ संस्कृतात सापडत नाही, भाषाशास्त्रज्ञ टर्नर यांनी आपल्या व्युत्पत्तिकोशात ते तारांकित, म्हणजे कल्पिलेले रूप म्हणून दिले आहे. गावाला तर पडसादाचीही गरज वाटत नाही. ‘फेर ओढला का?’ एवढेच तिथे विचारतात. गुजरातीतही हाच शब्द आहे. हक्कनोंदणीचा १९०३चा कायदा मुंबई इलाख्याचा, तेव्हा सातबाराप्रमाणे ही परिभाषाही सामाईक राहिलेली दिसते.

उत्तरेकडे दाखिल-खारिज: एक नाव आत, एक बाहेर. आपला ‘खर्च’ याच अरबी ख-र-ज धातूचा, हे दाव्यात उतरलेल्यांना चटकन पटेल. पंजाबात मात्र इंतकाल. उर्दूत माणूस वारला तरी इंतकाल, आणि त्याची जमीन पोरांच्या नावे झाली तरी इंतकालच. मूळ न-क-ल, म्हणजे इकडून तिकडे नेणे. मजकूर या कागदावरून त्या कागदावर नेला की होते ती ‘नक्कल’. म्हणजे लुधियान्याचा शेतकरी इंतकालाची नक्कल मागतो, तेव्हा एकच धातू दोनदा उच्चारतो!

पण खरी मौज ‘हरकत’मध्ये आहे. सहा नंबरला, म्हणजे फेरफाराच्या नोंदवहीत, नोंद धरली की हितसंबंधितांना नोटीस जाते आणि हरकतीला १५ दिवस मिळतात. अरबीत हरकत म्हणजे हालचाल. हिंदीत ती आगळीक झाली, आपल्याकडे आक्षेप. हालचालीची आडकाठी कशी झाली? जुन्या सनदांत ‘हिलाहरकत’ अशी जोडी भेटते. हिला म्हणजे कावा, सबब. वतनात कोणी ढवळाढवळ करू नये, असा तिथला रोख. त्या ढवळाढवळीतून अडथळा हा अर्थ आला असावा. दुसरी वाट ‘हर्ज’ची. आपण ‘हरकत नाही’ म्हणतो तिथे हिंदी माणूस ‘कोई हर्ज नहीं’ म्हणतो, आणि या हर्जच्या मुळाशी अडचणीचाच अर्थ आहे. मला पहिली वाट खरी वाटते. दुसरीने तिला हात दिला असेल.

हरकत आली की नोंद ‘तक्रारी’ ठरते आणि प्रकरण सहा-अच्या नोंदवहीत जाते. तक्रार म्हणजे मुळात पुनरावृत्ती, तेच तेच पुन्हा म्हणणे. मंडळ अधिकारी, मग प्रांत, मग आणखी वर असे अपील चढत गेले की हा अर्थ जिवंत होतो. फेरफाराने मालकी ठरत नाही, तिच्यासाठी दिवाणी न्यायालय आहे, असे सर्वोच्च न्यायालय पुनःपुन्हा सांगत आले आहे. मुळातल्या अर्थाने हीही तक्रारच.

आता एक आडवाट. अरबी लिपीत अक्षरावरच्या ऱ्हस्व स्वरचिन्हालाही हरकत म्हणतात, कारण त्याने अक्षर ‘हलते’. ज्यावर ते नाही ते अक्षर साकिन, म्हणजे स्थिर. हाच शब्द फारसीमार्गे आपल्या जुन्या कागदांत ‘साकीन मौजे अमुक’ असा, राहणारा या अर्थाने, येऊन बसला. तेव्हा खरेदीखतात जो साकीन, तोच सहा नंबरला हरकतदार. अरबी वैयाकरण हे मान्य करणार नाही: त्याच्या मते अक्षर साकिन तरी असते, नाहीतर त्यावर हरकत तरी असते.