लीला राव : एक विजय, तीन सूची

१९३४ सालच्या विम्बल्डन स्पर्धेत महिला एकेरीच्या पहिल्या फेरीत मुंबईच्या लीला राव यांनी इंग्लंडच्या ग्लॅडिस साउथवेल यांचा पराभव केला. दुसऱ्या फेरीत फ्रान्सच्या इडा अदामॉफ यांच्यापुढे त्यांचा निभाव लागला नाही. त्या वर्षीचे विजेतेपद डोरोथी राउंड यांना मिळाले. स्पर्धेच्या इतिहासात साउथवेल-राव सामन्याला एका ओळीपलीकडे जागा नाही, आणि त्या दृष्टीने पाहता असण्याचे कारणही नाही. आपल्या दृष्टीने मात्र ती ओळ महत्त्वाची आहे. विम्बल्डनवर सामना जिंकणारी ती पहिली भारतीय स्त्री होय.

१९९८ मध्ये निरुपमा वैद्यनाथन यांनी ऑस्ट्रेलियन खुल्या स्पर्धेच्या मुख्य फेरीत सामना जिंकला, तेव्हा ‘पहिली भारतीय स्त्री’ हे विशेषण त्यांच्या नावामागे लागले. १९६८ नंतरच्या खुल्या पर्वापुरते ते बरोबरच आहे. पण ‘खुल्या पर्वात’ हा शब्दप्रयोग सांगण्याच्या ओघात गळून पडतो, आणि तो गळला की मागची चौसष्ट वर्षे त्याच्याबरोबर जातात. २००५ मध्ये सानिया मिर्झा विम्बल्डनची पहिली फेरी जिंकून दुसरीत हरल्या. म्हणजे १९३४ साली लीलाबाईंनी जी मजल मारली होती, नेमकी तीच. त्या वेळी आनंदाच्या भरात जुन्या नावाची आठवण किती जणांना झाली असेल, हा प्रश्न आम्हांला पडतो. या विस्मरणाला दुष्टावा म्हणता येणार नाही. त्याची कारणे शोधू गेले असता आपण टेनिसच्या मैदानातून निघून भलत्याच ठिकाणी, म्हणजे संस्कृत साहित्याच्या इतिहासात, येऊन पोहोचतो. म्हणून वाङ्मयाच्या अभ्यासकांपुढे हा विषय मांडण्याचे धाडस आम्ही करीत आहोत.

आरंभी नावाविषयी. इंग्रजी नोंदींत हे आडनाव अशा अक्षरांत लिहिले गेले आहे की वाचणारा ‘रो’ असे वाचतो. पुढे लग्नानंतर ‘दयाळ’ हे आडनाव आले. संस्कृत नाटकांच्या इतिहासात ‘लीला राव-दयाळ’ असा उल्लेख येतो. ‘रो’ नावाची खेळाडू आणि ‘राव-दयाळ’ नावाची नाटककर्त्री या एकच व्यक्ती आहेत, हे वाचकाला कोणी मुद्दाम सांगितल्याशिवाय कळू नये, अशीच ही व्यवस्था आहे.

लीलाबाईंचा जन्म १९११ चा, मुंबईचा. वडील डॉ. राघवेंद्र राव. आई पंडिता क्षमा राव, विसाव्या शतकातील संस्कृत कवयित्रींमध्ये ज्यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागते त्या. आणि आजोबा, म्हणजे क्षमाबाईंचे वडील, शंकर पांडुरंग पंडित. मराठीच्या विद्यार्थ्याला हे नाव परके असू नये. इंदुप्रकाश छापखान्यातून १८६९ आणि १८७३ मध्ये तुकोबांच्या गाथेचे जे दोन खंड निघाले, ज्यांसाठी सरकारने चोवीस हजार रुपयांचे साहाय्य दिले होते, त्या कामामागे विष्णु परशुराम पंडित यांच्याबरोबर शंकर पांडुरंगांचे परिश्रम होते. ‘वेदार्थयत्न’ हे त्यांचे मासिक, कालिदासाच्या ग्रंथांच्या त्यांच्या आवृत्त्या, सायणभाष्यासह अथर्ववेदाचे त्यांनी केलेले संपादन, हा सारा पसारा एका माणसाचा. ‘राजतरंगिणी’चा इंग्रजी अनुवाद करणारे रणजित सीताराम पंडित याच घराण्यातले.

शंकर पांडुरंग १८९४ मध्ये वारले, तेव्हा क्षमाबाई अवघ्या तीनचार वर्षांच्या होत्या. वडिलांची विद्या त्यांना वडिलांच्या तोंडून मिळाली नाही. ती त्यांनी पुढे स्वतः कमावली. ‘शंकरजीवनाख्यानम्’ हे वडिलांचे पद्यचरित्र त्यांनी १९३९ मध्ये प्रसिद्ध केले. न पाहिलेल्या, किंवा पाहूनही न आठवणाऱ्या बापाचे चरित्र त्याच्याच विद्येच्या भाषेत लिहिणे, या कृतीत विद्वत्तेपेक्षा अधिक काही आहे असे आम्हांला वाटते. याच क्षमाबाई टेनिस खेळत, आणि केवळ विरंगुळा म्हणून नव्हे. त्यांनी स्पर्धा जिंकल्या होत्या. लीलाबाईंच्या हातात रॅकेट आले ते या घरात. संस्कृतही याच घरात आले. एकाच आईकडून दोन्ही.

त्या काळच्या टेनिसचे स्वरूप थोडे ध्यानात घेतले पाहिजे. पहिले महायुद्ध संपल्यावर १९१९ पासून फ्रान्सच्या सुझान लाँग्लेन यांनी स्त्रियांच्या खेळाचे रूपच पालटून टाकले. तोपर्यंतचे जड, पायघोळ कपडे टाकून त्या आखूड झग्यात उतरल्या आणि धावून, उडी घेऊन खेळू लागल्या. त्यांच्यामागून अमेरिकेच्या हेलन विल्स आल्या. १९२७ ते १९३८ या काळात विम्बल्डनचे एकेरीचे विजेतेपद त्यांनी आठ वेळा पटकावले. हा खेळ हौशींचा होता. विजेत्याला मानचिन्ह मिळे, पैसा नाही. १९२६ मध्ये लाँग्लेन यांनी पैसे घेऊन खेळायचे ठरवले, तेव्हा विम्बल्डनची दारे त्यांना बंद झाली. आता मुंबईहून निघालेल्या खेळाडूचा विचार करावा. बोटीने काही आठवड्यांचा प्रवास, तिथला मुक्काम, गवताच्या मैदानाचा सराव, आणि हे सगळे कदाचित एका सामन्यासाठी. ज्या घराला हा खर्च ‘हौस’ म्हणून सोसेल त्याच घरातली मुलगी तिथे पोहोचणार.

त्यामुळे दोन युद्धांच्या मधल्या काळातील हिंदुस्थानच्या महिला टेनिसपटूंची नावे पाहिली तर एक सामाजिक नकाशाच उभा राहतो. १९२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये मोहम्मद सलीम यांच्याबरोबर मिश्र दुहेरीत उतरलेल्या मेहरबाई टाटा पारशी. त्या साडी नेसून खेळत. १९२९ मध्ये विम्बल्डनवर खेळलेल्या जेनी सँडिसन अँग्लो-इंडियन, रेल्वेचे गाव असलेल्या खरगपूरच्या. लीलाबाई ब्राह्मण पंडितांच्या मुंबईकर घरातल्या. १९३१ मध्ये त्या अखिल भारतीय विजेत्या झाल्या आणि त्यानंतरही हे विजेतेपद त्यांनी मिळवले. १९३४ नंतर १९३५ मध्येही त्या विम्बल्डनला गेल्या. त्या खेपेस मात्र पहिल्याच फेरीत हरल्या. कारकिर्दीचा आलेख म्हणून पाहिले तर देशात पहिल्या क्रमांकाच्या आणि बाहेर एका सामन्याच्या, एवढेच म्हणता येईल.

येथवर सारे समजण्याजोगे आहे. पण सालांकडे पुन्हा पाहू. १९३१ मध्ये मुलगी अखिल भारतीय विजेती होते. १९३२ मध्ये आईची ‘सत्याग्रहगीता’ पॅरिसमध्ये छापली जाते. भगवद्गीतेप्रमाणे अठरा अध्याय, अनुष्टुभ् छंद, आणि विषय गांधींनी मांडलेला लढा. इंग्रजी अंमलात असे काव्य येथे छापणे सोपे नव्हते. म्हणजे एकाच घरात एक जण साहेबाच्या मैदानावर साहेबाचा खेळ जिंकत होती आणि दुसरी साहेबाविरुद्धच्या लढ्याला गीतेचे रूप देत होती. आजच्या वाचकाला यात विसंगती दिसेल. त्या घराला ती दिसत असावी असे वाटत नाही. क्षमाबाईंच्या लेखी संस्कृत आणि टेनिस या दोन्ही गोष्टी स्त्रीला नाकारल्या गेलेल्या, आणि म्हणूनच मिळवण्याजोग्या होत्या, असे आमचे अनुमान आहे. स्त्रीने शास्त्र वाचू नये म्हणणारा समाज आणि स्त्रीने चारचौघांत धावू नये म्हणणारा समाज एकच होता.

परंतु हे अनुमान येथेच थांबवले तर ते फारच गोड होईल. नाशिकच्या वाचकाला तरी तसे थांबता येत नाही. २ मार्च १९३० रोजी आमच्या या गावात काळाराम मंदिराच्या प्रवेशासाठी सत्याग्रह सुरू झाला. डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली, दादासाहेब गायकवाडांच्या खांद्यावर तो पाच वर्षे चालला. स्त्रियाही त्यात होत्या. लीलाबाई विम्बल्डनला गेल्या ती दोन वर्षे, १९३४ आणि १९३५, ही या लढ्याची अखेरची वर्षे. १९३५ च्या ऑक्टोबरात येवल्याला बाबासाहेबांची धर्मांतराची घोषणा झाली. तोच काळ, तोच प्रांत, तोच ‘सत्याग्रह’ हा शब्द. नाशिकच्या दारापुढे उभ्या असलेल्या बाईला जिमखान्याचे दार आणि संस्कृतचे दार ही दोन्ही आणखी कितीतरी आत होती. क्षमाबाईंच्या गीतेतील सत्याग्रह आणि काळारामाच्या दारातील सत्याग्रह यांत किती अंतर आहे, हे वाङ्मयाच्या इतिहासाने कधी तरी मोजायला हवे. लीलाबाईंचा विजय त्यामुळे लहान होत नाही. तो कोणाकोणाला शक्य होता एवढे मात्र स्पष्ट होते, आणि त्यांच्यामागून लगेच दुसरी कोणी का आली नाही, याचे निम्मे उत्तरही येथेच मिळते.

१९४३ मध्ये लीलाबाईंचा विवाह हरीश्वर दयाळ यांच्याशी झाला. ते सनदी अधिकारी. स्वातंत्र्यानंतर परराष्ट्र सेवेत सिक्कीम, नेपाळ अशा ठिकाणी त्यांच्या नेमणुका झाल्या. खेळाचे इतिहासकार येथे पुस्तक मिटतात. वस्तुतः दुसरी कारकीर्द येथून सुरू होते. ‘नृत्तमंजरी’ हे भारतीय नृत्याच्या तंत्रावरचे त्यांचे पुस्तक १९४८ मधले. आणि त्यानंतर संस्कृत नाटके, एकामागून एक: ‘बालविधवा’, ‘गिरिजायाः प्रतिज्ञा’, ‘होलिकोत्सव’, ‘गणेशचतुर्थी’, ‘क्षणिकविभ्रम’, ‘कपोतालय’, ‘तुकारामचरित’. ‘जयन्तु कुमाउनीयाः’ या नाटकात कुमाऊँच्या सैनिकांचे शौर्य आहे. यांतली बरीचशी नाटके आईच्या कथाकाव्यांवर रचलेली आहेत. क्षमाबाईंच्या ‘कथापंचका’त बालविवाह, वैधव्य असे विषय संस्कृत पद्यात आले होते, मुलीने त्यांना रंगमंचाची बोलती भाषा दिली. एक सूक्ष्म फरक येथे नोंदवला पाहिजे. अनुष्टुभात सांगितलेली विधवेची गोष्ट ही कवयित्रीने सांगितलेली गोष्ट राहते. नाटकात ती विधवा स्वतः बोलते. प्राचीन नाटकांत स्त्रियांच्या आणि खालच्या मानलेल्या पात्रांच्या तोंडी प्राकृत घालण्याचा संकेत होता. गिरिजा आणि तिच्यासारख्या नायिका संस्कृतात बोलतात, तेव्हा आधुनिक संस्कृत नाटकाने तो संकेत मागे टाकलेला असतो. त्यासाठी कोणी गाजावाजा केला नाही.

नाट्यगुणांच्या दृष्टीने ही सगळी नाटके सारख्या मोलाची आहेत असे आम्ही म्हणणार नाही. हेतू ठसवण्याचा मोह ‘बालविधवे’सारख्या विषयात टाळणे कठीणच असते. तरीही ती वाचली गेली पाहिजेत. आज त्यांचा उल्लेख आधुनिक संस्कृत नाटकाच्या सूचीत सापडतो, १९३४ चा सामना टेनिसच्या सूचीत, ‘नृत्तमंजरी’ नृत्याच्या. ग्रंथालयात या तीन सूची तीन वेगळ्या खोल्यांत असतात. पायांची हालचाल, हाताची मुद्रा आणि वाणीचा उच्चार ही तिन्ही अंगे एकाच शरीराने कमावली होती, हे त्यामुळे नजरेआड होते.

‘तुकारामचरिता’पाशी तर आम्ही बराच वेळ रेंगाळलो. आजोबांनी गाथेची संशोधित आवृत्ती सिद्ध करण्यास हातभार लावला. आईने ‘तुकारामचरितम्’ हे संस्कृत काव्य लिहिले. नातीने तुकोबांना संस्कृत नाटकात आणले. वेदांचा अधिकार नाकारला गेलेल्या, देहूच्या मराठीत बोलणाऱ्या वाण्याला तीन पिढ्यांनी हळूहळू देववाणीकडे नेले. याला आदर म्हणावे की हिरावून घेणे, याविषयी आमच्यातच एकमत झाले नाही. आमच्यातल्या एकाचे म्हणणे असे की पंडितांच्या घराने तुकोबांपुढे वाकण्याची ही त्यांची रीत होती, कारण त्यांच्याजवळ देण्याजोगी दुसरी मोठी भाषाच नव्हती. दुसऱ्याला ते पटले नाही.