अडीच फुटी रुळावरून

कवठे महांकाळच्या स्टेशनात उभे राहा आणि रुळांकडे एकटक बघा. वर विजेच्या तारा, खाली ब्रॉडगेज. आता डोळे मिटून उघडा. तारा गेल्या. रूळ आक्रसून अडीच फुटांवर आले. मार्च 1931. बार्शी लाइट रेल्वेची गाडी धापा टाकत येते. डब्यात तुमचे गुडघे समोरच्या म्हाताऱ्याच्या गुडघ्यांना टेकतात. फडक्यात भाकरी-ठेचा, कनवटीला पाच-सहा रुपये.

"कुठं निघालासा?"

"मुंबैला. बोलपट बघाय. मास्तर विठ्ठल हाय त्यात."

"त्यो उड्या मारनारा? त्येला बोलायची काय गरज?"

म्हातारा नकळत मर्मावर बोट ठेवतो. मिरजेला मीटरगेज, पुण्याला ब्रॉडगेज; मुंबई जवळ येते तसे रूळ रुंदावतात आणि त्याचा प्रश्न तुमच्यासोबत येत राहतो.

विठ्ठल तसा तुमच्याच बाजूचा. राजापूरकर नाटक मंडळीत पोरवयात उभा राहिला, मग कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत फिल्म जोडायला लागला. 'कल्याण खजिना'त (1924) पडद्यावर आला तो चक्क नर्तकी होऊन! पुढे मुंबईच्या शारदा फिल्म कंपनीत 'रतन मंजरी'पासून (1926) नायक. घोडा, तलवार, उडी. लोक त्याला हिंदुस्थानचा डग्लस फेअरबँक्स म्हणू लागले. मूकपटाच्या जमान्यात अंगच भाषा होती. इटलीत बार्तोलोमेओ पागानो हा जिनोआच्या गोदीतला हमाल 'काबिरिया'मुळे (1914) असाच नट झाला, तोही दंडाच्या जोरावर.

मॅजेस्टिक थिएटरचा पडदा उजळण्याआधी जरा मागे, एका रात्री, हा बोलपट काढणाऱ्या इम्पीरियल कंपनीच्या स्टुडिओत शिरा. रात्रीचा एक वाजून गेलाय. लगतच्या लोहमार्गावर दिवसभर गाड्या धडधडतात, म्हणून शूटिंग उत्तररात्री. माइक कुठेतरी आडोशाला दडवलेला. आवाज चित्रासोबतच फिल्मवर उमटतो; कुणी खोकलं तरी सगळं परत. तुम्ही भिंतीला चिकटून श्वास धरा. दिव्यांच्या उकाड्यात विठ्ठल उभा आहे. कपाळावरून घाम नाकाच्या शेंड्यापर्यंत येतो, पण हात वर जात नाही. ओठ हलतात. हिंदी-उर्दू त्याच्या जिभेवर नीट बसत नाही, म्हणून त्याचं पात्र बराच वेळ अर्धवट शुद्धीत ठेवलं, असं सांगतात. याच कामासाठी त्याने शारदाचा करार मोडला, कंपनी कोर्टात गेली, आणि त्याच्या बाजूने उभे राहिलेले वकील होते महंमद अली जिना! खटला जिंकला. बोलायचा हक्क मिळाला आणि बोलायचंच कमी आलं. मला तर हा विनोद त्या सिनेमापेक्षा मोठा वाटतो.

14 मार्च, शनिवार. गिरगावात मॅजेस्टिकसमोर ही झुंबड, पोलीस, धक्काबुक्की. चार आण्याचं तिकीट चार-पाच रुपयांना. कनवटी सोडा, द्या. परतीचं पुढे बघू. आत जाऊन 'आलम आरा', हिंदुस्थानातला पहिला बोलपट, डोळे भरून बघा, आज त्याची एकही प्रिंट शिल्लक नाही. नायिका जुबेदा बोलते, टाळ्या. फकीर गातो, पैसे उधळतात. विठ्ठल येतो तेव्हा तुम्ही सवयीने शिट्टीसाठी बोटं तोंडाशी नेता. तो निजल्यासारखा पडून आहे. बोटं तशीच खाली येतात.

डोळे पुन्हा मिटा. आता 1952 नंतरचा एक उन्हाळा. कवठ्याच्या माळावर टूरिंग टॉकीजचा तंबू, बाहेर इंजिनाची फटफट, जमिनीवर बैठक, भुईमुगाच्या शेंगा. भालजी पेंढारकरांचा 'छत्रपती शिवाजी' लागलाय. महाराज चंद्रकांत, पृथ्वीराज कपूरही आहेत. 'आलम आरा'त ते विठ्ठलसोबत होते. आता विठ्ठल मराठीत आहे, पण नायक राहिलेला नाही. वाऱ्याने पडदा फुगतो, मावळे वाकडेतिकडे होतात.

शेजारचा म्हातारा कोपराने ढोसतो. "आरं, ह्यो आपला इठ्ठल!"

पोरं मागून ओरडतात, "ए आजा, खाली बस की!"

म्हातारा बसत नाही. दोन बोटं तोंडात घालून तो जोरात शिट्टी मारतो.