निवारा हक्क चळवळ (मुंबई)

मुंबईच्या पदपथांवर व झोपडपट्ट्यांत राहणाऱ्यांच्या निवाऱ्यासाठी आणि पुनर्वसनासाठी उभी राहिलेली लोकचळवळ. काम जिथे मिळते त्याच्या आसपासच गरिबाला राहावे लागते, हा तिचा मूळ मुद्दा.

पार्श्वभूमी : जुलै १९८१ मध्ये, ऐन पावसाळ्यात, मुख्यमंत्री अब्दुल रहमान अंतुले यांच्या सरकारने पदपथवासीयांना हटवून गावी धाडण्याची मोहीम काढली. झोपड्या तोडून अनेकांना बसगाड्यांतून शहराबाहेर नेण्यात आले. त्यातून निवारा हक्क सुरक्षा समिती स्थापन झाली. पत्रकार ओल्गा टेलिस, नागरी हक्क संघटना पीयूसीएल व काही पदपथवासी सर्वोच्च न्यायालयात गेले.

न्यायालयीन लढा : सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींच्या पीठाने १० जुलै १९८५ रोजी ओल्गा टेलिस खटल्याचा निकाल दिला. उपजीविकेचा हक्क हा संविधानाच्या २१व्या अनुच्छेदातील जीविताच्या हक्काचाच भाग असल्याचे त्यात मान्य झाले. मात्र पदपथ मोकळे करण्याचा महापालिकेचा अधिकारही कायम राहिला. पाडकाम पावसाळा सरून महिना होईपर्यंत थांबले, एवढाच तात्काळ दिलासा. तत्त्व मिळाले, घर मिळाले नाही.

संघटन : मार्च १९८६ मध्ये नरिमन पॉइंटजवळची संजय गांधीनगर ही झोपडपट्टी पाडली गेली. रहिवाशांसोबत चित्रपटकार आनंद पटवर्धन व अभिनेत्री शबाना आझमी उपोषणाला बसले आणि रहिवाशांना गोरेगाव परिसरात पर्यायी जागा मिळाली. पाडकामांवरचा पटवर्धन यांचा ‘हमारा शहर’ हा माहितीपट १९८५ चा.

दुसरी वाट ‘स्पार्क’ (स्थापना १९८४) या संस्थेची. तिने १९८५ मध्ये सुमारे सहा हजार पदपथवासी कुटुंबांची गणना केली. पुढे भायखळ्याच्या पदपथांवरील बायकांच्या ‘महिला मिलन’ गटांनी आपली घरे स्वतःच आखली. मोजमापाला टेपऐवजी नेसती साडी. पोटमाळा बसेल एवढे उंच छत त्यांनी मागितले आणि घराचा पूर्ण आकाराचा नमुना उभारून दाखवला.

पुढील काळ : २००४-०५ च्या मोठ्या पाडकामांनंतर सामाजिक कार्यकर्त्या मेधा पाटकर यांच्या पुढाकाराने ‘घर बचाओ घर बनाओ’ आंदोलन सुरू झाले. झोपडीला संरक्षण देणारी तारीख १ जानेवारी १९९५ वरून १ जानेवारी २००० पर्यंत पुढे सरकली. त्यामुळे त्या तारखेआधीचे वास्तव्य सिद्ध करणारे रेशनकार्ड, फोटोपास, वीजबिल हे कागद जपणे हाही लढ्याचा भाग झाला. झोपडी तुटताना भांड्यांआधी बाहेर काढली जाते ती कागदांची पिशवी.