तेरच्या वाटेवरचीं ग्रीक नांवें

धाराशिव जिल्ह्यांत तेरणा नदीच्या कांठीं तेर नांवाचें गांव आहे. भाविक मंडळी त्यास गोरोबाकाकांचें गांव म्हणून ओळखतात. इतिहासाचे अभ्यासक त्याला तगर म्हणतात. इसवी सनाच्या पहिल्या शतकांत मिसर देशांतून तांबड्या समुद्रावाटे हिंदुस्थानच्या पश्चिम किनाऱ्यास व्यापार करणाऱ्या एका ग्रीकभाषी गृहस्थानें आपल्या धंद्यांतील लोकांसाठीं एक वाटाड्या ग्रंथ लिहून ठेविला. ‘पेरिप्लस’ या नांवानें तो प्रसिद्ध आहे. त्यांत तो सांगतो कीं, भडोचहून दक्षिणेस वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आहे, आणि पैठणाहून पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवर तगर नांवाचें फार मोठें नगर आहे. तेथून जाडेंभरडें कापड विपुल येई, नाना तऱ्हेचीं तलम वस्त्रेंही येत. हा सारा माल गाड्यांत घालून बिकट वाटांनीं भडोचेस नेत असत. तगराचें नांव असें अक्षरबद्ध करून ठेवणाऱ्या या गृहस्थाचें स्वतःचें नांव मात्र कोणासही ठाऊक नाहीं.

पुढें हें नगर लहान होत गेलें आणि तगर नेमकें कोणतें, हेंही लोक विसरले. शिलाहार राजे आपल्या बिरुदांत ‘तगरपुरवराधीश्वर’ असें अभिमानानें लिहीत. पण तें तगर कोठें होतें, याविषयीं एकोणिसाव्या शतकांतील पंडितांत मोठा वाद होता. कोणी देवगिरीकडे बोट दाखविलें, कोणी जुन्नरकडे. डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकरांसारख्या थोर विद्वानाचा तर्क धारूरकडे गेला. अखेर १९०१ सालीं डॉ. फ्लीट यांनीं तगर म्हणजेच तेर असें साधार प्रतिपादन केलें, आणि तें मान्य झालें. मराठी मनुष्यास या निर्णयाचें फारसें नवल वाटूं नये. ‘नगर’ शब्दांतील ‘ग’ प्राकृतांत गळून ‘नेर’ झालें, म्हणून अमळनेर, संगमनेर, पारनेर हीं नांवें झालीं; त्याच रीतीनें तगराचें तेर झालें. १९५८ सालीं तेथें उत्खनन झालें. त्याखेरीज रामलिंगप्पा लामतुरे यांनीं गांवच्या टेकाडांतून आयुष्यभर वेंचून ठेविलेल्या वस्तूंचें संग्रहालय तेथें उभें आहे. त्यांतील हस्तिदंती स्त्रीमूर्तीची तुलना अभ्यासक इटलींतील पाँपेई येथें सांपडलेल्या मूर्तीशीं करतात. माल कोठून कोठें जाई याची ती बोलकी खूण होय.

परक्या देशाचें नांव कानावर पडलें कीं मनुष्य तें आपल्या सांच्यांत ओततो. पेरिप्लसनंतर सुमारें शंभर वर्षांनीं टोलेमी या भूगोलशास्त्रज्ञानें जगांतील स्थळांची जी यादी केली, तींत तगर आहे, पैठणही आहे. पैठणचा राजा तो सांगतो सिरो टोलेमायोस. कांहीं हस्तलिखितांत पोलेमायोस असाही पाठ आहे. हा दुसरा कोणी नसून सातवाहन कुलांतील सिरि पुळुमावि होय. सिरि म्हणजे श्री, आणि पुळुमाविमध्यें ग्रीक कानाला आपल्याच घरचा टोलेमायोस ऐकूं आला! लिहिणाराचें नांवही तेंच होतें, ही आणखी एक गंमत. उलट बाजूनें पाहावें तर अशोकाच्या तेराव्या शिलालेखांत मिसरच्या टोलेमीचा उल्लेख ‘तुरमाय’ असा आला आहे. म्हणजे देवघेव सारखीच होती.

परंतु जे ग्रीक येथें येऊन राहिले, त्यांच्या नांवांचें काय झालें? पश्चिम किनाऱ्याकडे उतरणाऱ्या घाटवाटांवर जीं लेणीं आहेत, त्यांत यवनांचीं दानें कोरलेलीं आहेत. कार्ल्याच्या चैत्यगृहांतील कित्येक खांब धेनुकाकट येथील यवनांनीं दिले. जुन्नरास कोणी पाण्याचीं टाकीं दिलीं, कोणी भोजनमंडप दिला. या दात्यांचीं नांवें मात्र सिहधय, धम, चिट, चंद अशीं आहेत. डिमीट्रियस नाहीं, फिलिप नाहीं, एकही सरळ ग्रीक नांव नाहीं. जुन्नरचा इरिल तेवढा कानाला परका वाटतो. नाशिकच्या लेण्यांत तर तीन पिढ्या एकत्र भेटतात. धम्मदेवाचा पुत्र इंद्राग्निदत्त आपणांस उत्तरेकडील दत्तामित्री नगरींचा योनक म्हणवितो आणि पुत्र धम्मरखित याच्यासह लेणें अर्पण करतो. बाप, मुलगा, नातू, तिघांचींही नांवें अस्सल एतद्देशीय. ती दत्तामित्री नगरी डिमीट्रियस राजाच्या नांवावरून वसली असें पुष्कळ पंडित मानतात. म्हणजे राजाच्या नांवाचाही दत्तमित्र झाला.

यावरून कांहीं विद्वान् म्हणतात कीं, हे लोक ग्रीक नव्हतेच. यवनांशीं व्यापार करणारे हिंदी लोकच यवन म्हणवीत असावेत. ही शंका अगदींच टाकाऊ नव्हे. यवन शब्दाचा अर्थ पुढें पुष्कळ पसरला, हें खरेंच. तथापि केवळ नांव भारतीय म्हणून मनुष्यही भारतीय, हें अनुमान कच्चें आहे. इंद्राग्निदत्तानें आपलें योनकपण लपविलें नाहीं. दगडांत कोरून सांगितलें. लपविण्याचें कारण नसतांना नांव बदललें, तें भिक्षुसंघाच्या सहवासानें आणि शेजाऱ्यांच्या सोयीनें बदललें असावें. विदिशेजवळ बेसनगर येथें याच्या उलट उदाहरण उभें आहे. तक्षशिलेचा हेलिओदोर, अंतलिकित राजाचा वकील, त्यानें वासुदेवाचा गरुडध्वज उभारला आणि स्वतःस भागवत म्हणविलें. पण नांव ग्रीकच ठेविलें. एकानें नांव दिलें नि एकानें राखलें. दोघांचीही श्रद्धा मात्र येथलीच होती.

या यवनांत ज्याचें नांव आजही मराठी घरांत हांक मारतांना ऐकूं येतें, असा एकच राजा आहे. ग्रीक नाण्यांवरचा मेनान्द्रोस, खरोष्ठी अक्षरांतला मेनन्द्र, आणि पाली ग्रंथांतला मिलिंद. इसवी सनापूर्वीं दुसऱ्या शतकांत सागल नगरींत तो राज्य करीत होता. ‘मिलिंदपञ्ह’ या ग्रंथांत त्याचा व नागसेन भिक्षूचा संवाद आहे, आणि तो आरंभींच नांवाच्या प्रश्नावर येऊन ठेपतो. राजा विचारतो, आपलें नांव काय? भिक्षु सांगतो कीं, लोक मला नागसेन म्हणतात खरे, पण तें केवळ संबोधन आहे. त्या नांवामागें कायमचा असा कोणी पुरुष सांपडत नाहीं. राजास हें पटत नाहीं. तेव्हां नागसेन त्याच्या रथाकडे वळतो. आंस म्हणजे रथ काय? चाकें म्हणजे रथ काय? जूं, दोऱ्या, सांटा, यांपैकीं कोणतेंही एक रथ नव्हे, आणि यांवांचूनही रथ नाहीं; सर्व एकत्र आलें म्हणजे व्यवहारापुरतें ‘रथ’ म्हणतात. राजा निरुत्तर होतो. ज्याचें नांव तीन लिपींत तीन रूपें घेऊन फिरलें, त्यालाच नांव म्हणजे काय, हें ऐकावें लागलें! ग्रीसमध्यें सॉक्रेटीस बाजारांत उभा राहून लोकांना जसा शब्दाशब्दावर अडवी, त्याची आठवण येथें झाल्यावांचून राहात नाहीं.

मराठवाड्यांत या नांवास नवा जन्म मिळाला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीनें १९५० सालीं तेव्हांच्या औरंगाबाद शहरांत जें महाविद्यालय काढलें, त्यास पुढें मिलिंद हें नांव मिळालें आणि परिसर नागसेनवन झाला. प्रश्न विचारणारा राजा आणि उत्तर देणारा भिक्षु एकाच आवारांत आले. विद्यालयाच्या नांवाची याहून समर्पक निवड क्वचितच आढळेल. मुलांचीं नांवें मिलिंद ठेवण्याची चाल मात्र सर्व थरांत आहे, आणि सर्वांनाच त्या वेळीं राजा आठवतो असें नाहीं. कारण उत्तरकालीन संस्कृत काव्यांत मिलिंद म्हणजे भुंगा. कमळावर गुंजारव करणारा भ्रमर मनांत धरून ज्या आईबापांनीं तें नांव ठेविलें, त्यांचेंही चुकलें नाहीं. राजा व भुंगा असे दोन अर्थ एकाच उच्चारांत शेजारीं बसले आहेत. आणि हाच भुंगा, घराच्या वाशाला गोल भोंक पाडून त्यांत बिऱ्हाड करणारा काळा भुंगा, आज शास्त्रीय भाषेंत झायलोकोपा या ग्रीक नांवानें ओळखला जातो. त्याचा अर्थ लांकूडतोड्या.

कीटकांस ग्रीक नांवें देण्याची ही वहिवाट एका तत्त्वज्ञापासूनच निघते. अरिस्टॉटल यानें प्राण्यांवर लिहितांना, ज्यांच्या शरीरास खांचा असतात त्यांना ‘एन्टोमा’ म्हटलें. ढालपंखी भुंगेऱ्यांना त्यानें दिलेलें ‘कोलिओप्टेरा’, म्हणजे म्यानपंखी, हें नांव आजतागायत चालू आहे. त्यांतील ‘प्टेरॉन’ हा पंखवाचक शब्द संस्कृत ‘पत्र’ याच्या जवळच्या नात्याचा. पत्र म्हणजे मुळांत पंखच. माशीच्या गणास डिप्टेरा म्हणतात, त्यास कोणी द्विपत्र म्हटलें तर तें भाषांतर नव्हे, नातेवाइकाची ओळख ठरेल.

पण दक्षिणेंतील लोकांना अरिस्टॉटल प्रथम भेटला तो अरस्तू होऊन. ग्रीकांचे ग्रंथ अरबी भाषेंत गेले, तेथून फारसींत आले, आणि मदरशांच्या व दरबारांच्या वाटेनें दख्खनेंत शिरले. सॉक्रेटीसचा सुक्रात, अरिस्टॉटलचा अरस्तू, प्लेटोचा अफलातून. अरबींत ‘प’ नाहीं आणि शब्दारंभीं जोडाक्षर खपत नाहीं, म्हणून प्लातोन याचें अफलातून झालें. प्लेटो हें मुळांतही टोपणनांवच. खरें नांव अरिस्टोक्लीस असून रुंद बांध्यामुळें त्यास तें पडलें, अशी आख्यायिका आहे. ‘प्लातुस’ म्हणजे रुंद, आणि आपला ‘पृथु’ त्याचाच सख्खा भाऊ. मराठींत तर या तत्त्ववेत्त्याचें विशेषणच झालें. अफलातून बेत, अफलातून माणूस! अथेन्सच्या त्या गंभीर पुरुषानें कल्पनाही केली नसेल, अशा ठिकाणीं त्याचें नांव येऊन बसलें आहे.

ज्या निजामाच्या नांवावरून धाराशिवास शतकाहून अधिक काळ उस्मानाबाद म्हणत, त्या मीर उस्मान अली खान यांच्या लांबलचक किताबांत ‘अरस्तू-इ-जमान’, म्हणजे कालाचा अरिस्टॉटल, हाही एक किताब होता. त्याच घराण्यांत १८०३ ते १८२९ या काळांत सिकंदरजाह होऊन गेला. सिकंदराबाद हें शहर त्याच्या नांवाचें. अरिस्टॉटल अलेक्झांडरचा गुरु होता. ती गुरुशिष्यांची जोडी हैदराबादच्या एकाच गादीवर, शिष्य आधीं व गुरु मागाहून, अशी येऊन बसली. २०२३ सालीं शहरास व जिल्ह्यास धाराशिव हें नांव सरकारी दप्तरांत पुन्हां मिळालें.

आतां पुन्हां तेरच्या शिवारांत यावें. १७५८ सालीं लिनियस या स्वीडनच्या पंडितानें प्राण्यांची पद्धतशीर नांवनिशी केली, तेव्हां मोठ्या फुलपांखरांना त्यानें ट्रॉयच्या युद्धांतील वीरांचीं नांवें वांटलीं. छातीवर रक्तासारखे तांबडे ठिपके असलेले ते ट्रॉयचे, बाकीचे ग्रीकांचे. लिंबाच्या व कढीलिंबाच्या झाडावर वाढणारें फुलपांखरूं डेमोलियस, हा ग्रीकांकडचा योद्धा. पुढें दुसऱ्या एका अभ्यासकानें सह्याद्रींतील काळ्यानिळ्या मोठ्या फुलपांखरास पॉलिम्नेस्टर म्हटलें. २०१५ सालीं महाराष्ट्रानें तेंच आपलें राज्य-फुलपांखरूं ठरविलें. युरिपिडीसच्या नाटकांत हा पॉलिम्नेस्टर सोन्याच्या लोभानें आश्रयास आलेल्या राजपुत्राचा खून करतो! इतक्या देखण्या जीवाला हें नांव मिळावें, हा त्या जीवावर निव्वळ अन्याय होय. मराठींतील ‘राणी पाकोळी’ हें नांव त्याहून पुष्कळ बरें.

मारुतीला शनिवारीं जिच्या पानांची माळ घालतात, त्या रुईवर नारिंगी पंखांचें, काळ्यापांढऱ्या कांठाचें एक फुलपांखरूं अंडीं घालतें. शास्त्रांत तें दानाउस क्रिसिपस. दानाउस हा ग्रीक पुराणांतला राजा. त्याचा भाऊ इजिप्टस, आणि क्रिसिपस हा इजिप्टसच्या पन्नास पुत्रांपैकीं एक. परंतु क्रिसिपस या नांवाचा एक मोठा तत्त्वज्ञही होऊन गेला, तिसऱ्या शतकांतला, इसवी सनापूर्वींचा, स्टोइक पंथाचा दुसरा संस्थापकच म्हणावा असा. त्यानें सातशेंहून अधिक ग्रंथ लिहिल्याचें सांगतात. त्यांपैकीं एकही अखंड उरला नाहीं. नांवाचा अर्थ सोनेरी घोडा. ‘हिप्पोस’ आणि आपला ‘अश्व’ हे एकाच मुळाचे शब्द, म्हणून आपल्याकडच्या हर्यश्वाचा, म्हणजे पिंगट घोड्याच्या धन्याचा, तो दूरचा भाऊबंद ठरतो. याची काळ्यापिवळ्या पट्ट्यांची अळी रुईचीं पानें खाऊन मोठी होते, आणि त्या विषारी चिकाचा अंश अंगांत मुरल्यामुळें पांखरें सहसा त्याच्या वाटेस जात नाहींत.