बंदुकीच्या नळीतला वायू



पाण्याने आग विझते, हे लहान मूलही जाणते. परंतु त्याच पाण्याच्या पोटात सर्वांत हलका आणि चटकन पेट घेणारा वायू दडला आहे, हे अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत कोणास ठाऊक नव्हते. आपण पाण्यास पंचमहाभूतांत गणले; ग्रीकांनी चार मूलतत्त्वांत. मूलतत्त्व फोडावयाचे ते कसे?

लोखंड, जस्त अशा धातूंवर आम्ल ओतले असता पेट घेणारी एक हवा निघते, असे इंग्लंडमध्ये हेन्‍री कॅव्हेंडिशने १७६६ साली दाखविले. तिचा हलकेपणा ध्यानी घेऊन जाक शार्ल याने २७ ऑगस्ट १७८३ रोजी पॅरिसमध्ये या हवेने भरलेला फुगा आकाशात सोडला. डिसेंबरात तर तो स्वतःच तशा फुग्यातून उडाला. लोक हर्षभरित झाले. पण लोखंड आणि गंधकाचे आम्ल मिळून खर्च फार येई. तेव्हा ही हवा स्वस्तात कशी मिळेल, याचा शोध फ्रेंच विज्ञान अकादमीत सुरू झाला.

त्याच वर्षी आन्त्वान लाव्हाझिए या रसायनज्ञाने ही हवा प्राणवायूसह जाळून पाणी मिळविले होते. विरोधकांचे समाधान झाले नाही. जोडून पाणी होते, तर फोडूनही दाखविले पाहिजे. १७८४ साली लाव्हाझिए आणि लष्करी अभियंता मेन्ये यांनी लोखंडी बंदुकीची नळी भट्टीत तिरपी बसवून लाल केली आणि वरच्या तोंडाने पाणी थेंबथेंब सोडले. तापलेल्या लोखंडाने वाफेतील प्राणवायू ओढून घेतला. दुसऱ्या तोंडाने ज्वलनशील हवा बाहेर पडली. लोखंडाचे वजन वाढले होते. फेब्रुवारी १७८५ मध्ये निमंत्रित विद्वानांसमोर हा प्रयोग मोठ्या प्रमाणावर झाला. १७८७ साली त्या हवेला ‘पाणी उत्पन्न करणारा’ या अर्थाचे हायड्रोजन हे नाव मिळाले. आपल्या जुन्या मराठी शास्त्रग्रंथांत त्यालाच ‘उज्ज’ म्हणत.

हा प्रयोग पुढे रणांगणावर गेला. १७९३ साली फ्रान्स चहूंकडून शत्रूंनी वेढलेला होता. शत्रूची हालचाल उंचावरून पाहण्यासाठी फुगे वापरावे, असे रसायनज्ञ गितों द मोर्व्हो याने सुचविले. सरकारने मान्यता दिली, पण अट घातली : गंधकाच्या आम्लास हात लावावयाचा नाही. गंधक बंदुकीच्या दारूसाठी हवे होते. मग उरले पाणी आणि लोखंड. कूतेल नावाच्या गृहस्थाने विटांच्या भट्टीत लोखंडी नळ्या बसविल्या, त्यांत लोखंडाचा कीस भरला व वाफ सोडली. २६ जून १७९४ रोजी फ्ल्यूरूसच्या लढाईत तो दोरांनी बांधलेल्या फुग्यात बसून दिवसातील बराच काळ आकाशात होता. सोबतचा सेनापती चिठ्ठ्या लिहून दोरावरून खाली पाठवीत होता. त्या दिवशी फ्रान्सचा जय झाला.

हा जय पाहावयास लाव्हाझिए उरला नव्हता. कर वसूल करणाऱ्या मक्तेदारांपैकी तो एक होता. म्हणून ८ मे रोजीच, म्हणजे लढाईच्या सात आठवडे आधी, त्याच प्रजासत्ताकाने त्याचा शिरच्छेद केला. मेन्ये आदल्या वर्षी युद्धातच कामास आला होता. ज्या दोघांनी पाणी फोडले, त्यांपैकी एकही तो फुगा पाहण्यास हयात नव्हता. ज्ञान राज्याच्या उपयोगी पडले. ज्ञानी मनुष्य मात्र राज्याला नकोसा झाला.

पाणी फोडण्याचा दुसरा मार्ग १८०० साली लंडनमध्ये सापडला. व्होल्टाच्या विद्युत्‌घटाची वार्ता कळताच निकल्सन व कार्लाइल यांनी पाण्यात विजेच्या तारा सोडल्या आणि एका तारेवर हायड्रोजनचे, दुसरीवर प्राणवायूचे बुडबुडे काढले. भट्टी नको, आम्ल नको. याच मार्गाने आपल्या देशात पंजाबातील नांगल येथे सतलजच्या पाण्यापासून निर्माण झालेल्या विजेने हायड्रोजन काढीत. त्यापासून अमोनिया व अमोनियापासून खत होई. भारतातील पहिला जड पाण्याचा कारखानाही तेथेच १९६२ साली चालू झाला. वनस्पती तुपासाठी तेल घट्ट करण्यासही हाच वायू लागतो.

आज तर त्याला भविष्यकाळाचे इंधन म्हणतात. जाळला की पुन्हा पाणीच होते. धूर नाही, काजळी नाही. भारत सरकारनेही जानेवारी २०२३ मध्ये हरित हायड्रोजनच्या राष्ट्रीय मोहिमेस मंजुरी दिली. पण एक हिशेब विसरू नये. एक किलो हायड्रोजनसाठी पाणी सुमारे नऊच लिटर खर्ची पडते. वीज मात्र पन्नास युनिटांच्या घरात लागते. जळताना तो जी उष्णता देतो, तिच्याहून अधिक शक्ती त्याला सोडविताना आपण आधीच ओतलेली असते. म्हणून ती वीज कोळसा जाळून केलेली असेल, तर धूर टळत नाही, केवळ दुसऱ्या गावी जातो. सूर्याची, वाऱ्याची वा वाहत्या पाण्याची असेल, तरच लाभ खरा.

पाणी आपले गुपित फुकट सांगत नाही. फ्ल्यूरूसच्या फुग्यासाठी लोखंड जळून गेले, नांगलला नदी राबली. आपण काय देणार आहोत, एवढाच प्रश्न उरतो.